तुम्ही विचारलंत म्हणून: थोपगाणं खरंच असतं का?

माझ्या गोष्टी वाचलेलं कुणी भेटलं की हमखास हेच विचारतं, ताई ते थोपगाणं कुठून आणलं, खरंच कुणी गातं का तसं, कुठे शिकवतात का. मागे जळगावला एका कॉलेजच्या मुलीने तर फी किती असते असं विचारलं, आणि अगदी मनापासून विचारलं, म्हणून एकदा नीट लिहितेच.

ज्यांनी वाचलं नाही त्यांच्यासाठी, माझ्या गोष्टीतल्या गावात काही बायका अशा गातात की वेळ थोपते. घड्याळ बंद पडत नाही, पण जे व्हायचं असतं ते व्हायचं थांबतं, पूर ओट्याच्या पायरीशी थबकतो, पोराचा ताप चढायचा राहतो. जास्तीत जास्त एक घटका, म्हणजे २४ मिनिटं, त्यापुढे कुणाचाच दम पुरत नाही. आणि गाणं थांबलं की गाणारीने शेवटी ज्याचं नाव घेतलं असेल त्याला धरून जग पुन्हा सुरू होतं.

लोकांना वाटतं हे दीपक राग, मेघमल्हार, तानसेनाच्या कथा यावरून घेतलंय. त्या कथा मला आवडतात, पण खरं सांगू का, दिवे पेटण्यापेक्षा मला विलंबित एकतालाचं नवल जास्त. मात्रा १२च, पण एकेक इतकी लांबवतात की एक आवर्तन मिनिटभर चालतं आणि सम, म्हणजे पुन्हा पहिली मात्रा, येईपर्यंत आपण श्वास धरून बसलेलो असतो.

पण थोपगाणं मला मिळालं ते आत्याच्या लग्नात.

अमळनेरजवळ आमचं गाव, मी सात-आठ वर्षांची, गोरज मुहूर्त. भटजींच्या मनगटावर घड्याळ होतं तरी आजोबांचा हट्ट की घटिकापात्र पाहिजेच, म्हणून घंगाळात पाणी भरून त्यात ती तळाला बारीक भोक असलेली वाटी सोडलेली, ती भरून बुडाली की घटका भरली. मला घंगाळाशी बसवलं होतं, वाटीवर लक्ष ठेवायला. आठही मंगलाष्टकं म्हणून झाली आणि वाटी अजून तरंगतच होती, भटजींनी बायकांकडे बघितलं, आणि आजीने सूर धरला.

आजीला अक्षरओळख नव्हती, मंगलाष्टकांच्या वृत्ताचं शार्दूलविक्रीडित हे नाव तिने कधी ऐकलंही नसेल, पण चाल कानात पक्की. गंगा सिंधू सरस्वती झाली, गोदावरी नर्मदा झाली आणि मग ती आपल्या नद्यांवर आली, तापी, गिरणा, पांझरा, वाघूर, अनेर. वाटी बुडाली. मी ओरडले, बुडाली! भटजींनी हात वर केला. आजीने बघितलं, नक्की बघितलं, आणि बोरी घेतली. मग अंजनी. कुणीतरी म्हणालं, माय, घटका भरली, तर ती श्वास घेता घेता म्हणाली, आजून एक नदी बाकी शे. अंतरपाटाच्या अलीकडे आत्या मान खाली घालून उभी होती आणि मला तेव्हा एकदम कळलं की हे गाणं चालू आहे तोवर आत्या आमची आहे.

शेवटी तिने आमच्या घरामागचा नाला घेतला, ज्याच्या काठी आत्या लहानपणापासून भांडी घासायची. त्याला नाव पण नाही, मागचा नाला एवढंच. तिथे ती थांबली.

मुहूर्त टळला होता. मांडवात कुजबुज सुरू झाली तसं भटजींनी मोठ्याने म्हटलं, तदेव लग्नं सुदिनं तदेव, ताराबलं चंद्रबलं तदेव... आणि अंतरपाट खाली आला, वाजंत्री वाजली. त्याचा अर्थ मला शाळेत संस्कृत आल्यावर लागला. श्लोक विष्णूच्या स्मरणाचा आहे, नाव घेतलं की तीच वेळ शुभ, ताऱ्यांचं बळ तेच, चंद्राचं बळही तेच. म्हणजे वाटी बुडाली तेव्हाचा मुहूर्त तो मुहूर्त नव्हताच, आजीने नाला घेतला तो. मी वहीत ती ओळ लिहून ठेवली आणि माझी पहिली गोष्ट तिथून निघाली.

तर त्या मुलीला मी सांगितलं, फी नाही आणि क्लासही नाही, श्रावणात आमच्याकडे ये. श्रावणातल्या रविवारी कानबाई, आमची खानदेशातली देवी, बसते, नारळाला नथ-साडी घालून मांडतात, बायका रात्रभर गातात, आणि सोमवारी नदीवर न्यायच्या वेळी कुणाच्याच लेखी तो नारळ उरलेला नसतो, लेक सासरी धाडावी तशा म्हाताऱ्या रडतात. मधल्या रात्रीत काय होतं ते जागून बघ.

आत्याही येते तेव्हा. सत्तरी ओलांडली आता, शिरपूरहून एसटीने येते, पिशवी ओट्यावर ठेवते आणि घरात पाऊल टाकायच्या आधी मागच्या नाल्यावर जाऊन येते, पाणी असो नसो.