‘गुर्बेत कुशलारी’ मराठीत: पहिला अर्धा तास पूर्ण

रविवारी रात्री सव्वाबाराला पहिल्या अर्ध्या तासाची सबटायटल्स हातावेगळी झाली. दिग्दर्शक हालित रेफी यांचा हा १९६४ चा तुर्की सिनेमा. मराशहून बाकिर्जिओलू कुटुंब इस्तंबूलला येतं, हाएदरपाशा स्टेशनात उतरतं, आणि शहर त्यांना एकेक करून गिळत जातं. त्याच वर्षी तुर्कीतल्या अंताल्या शहराच्या पहिल्यावहिल्या चित्रपट महोत्सवात याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा मान मिळाला. बाकिर्जिओलू म्हणजे तांबटाचा मुलगा. पडद्यावर आडनाव तसंच ठेवलंय, मला मात्र दर वेळी तांबटच ऐकू येतं.

अडले ते ‘शाह ओलमाक’पाशी. इस्तंबूलचे शाह व्हायचं, ही त्यांची जिद्द. आधी ‘राज्य करू’ लिहिलं, फारच पुस्तकी. ‘बादशाह होऊ’ हिंदी सिनेमातलं वाटलं. चार दिवस डोक्यात घोळवून शेवटी ‘राजे होऊ’ केलं. शेवटी हेच कुटुंब परत जायला याच स्टेशनात येतं, तेव्हा हा शब्द प्रेक्षकाच्या कानात वाजायला हवा. ‘राजे’ वाजतो.

सगळ्यात आनंद दिला तो ‘मिश’ने. स्वतः न पाहिलेली, कानावर आलेली गोष्ट सांगताना तुर्की क्रियापदाला हा प्रत्यय लागतो. ‘गेल्दी’ म्हणजे आला. ‘गेलमिश’ म्हणजे आलाय म्हणे! इंग्रजीत याला सरळ जोड नाही, आपल्याकडे तो छोटासा ‘म्हणे’ तयारच बसलाय, संशयाच्या सुरासकट.

सबटायटल्सची वेळ लावताना एक काळजी घ्या. येशिलचामच्या, म्हणजे तुर्की सिनेसृष्टीच्या, त्या काळच्या सिनेमांचं चित्रण मूक व्हायचं, आवाज मागाहून स्टुडिओत भरायचे. ओठ बघून मी पहिली चाळीस वाक्यं बसवली, सगळी पुन्हा करावी लागली. संगणकावर दिसणारी आवाजाची लाट मोठी करून तिच्यावरच बेतायचं.

नावाचं अजून चाललंय. ‘गुर्बेत’ म्हणजे घरापासून तुटून परक्या ठिकाणी राहणं, ‘कुश’ म्हणजे पक्षी. सध्या ‘परमुलखातली पाखरं’ आहे. मैत्रिणीने ‘चाकरमानी’ सुचवलं. पण चाकरमान्याचं गावचं घर उघडं असतं, गणपतीला त्याची वाट बघतात. ही माणसं अख्खं बिऱ्हाड घेऊन निघालीत.

या आठवड्यात केमालचे संवाद घेतेय. तो डॉक्टरकी शिकणारा मुलगा. आणि सिनेमात नट जुनेय्त आर्कनही आहे, अगदी कोवळा.