ओपीचा टांगा आणि माझा ढोलक, अपडेट

तर मंडळी, ओपीचं म्हणजे संगीतकार ओ. पी. नय्यरचं, 'नया दौर' सिनेमातलं टांग्याचं गाणं 'मांग के साथ तुम्हारा' ढोलकवर मुखड्यापासून पहिल्या अंतऱ्यापर्यंत न अडखळता वाजायला लागलंय! ओरिजनल स्पीडला नाही हां, ॲपमध्ये ७५ टक्क्यांवर ठेवून, पण वाजतंय. ठेका म्हणाल तर केरवाच (आठ मात्रांचा ताल), पण वर त्या टापा असतात ना, त्यांनी घोड्यासारखं नाकासमोर चालायचं आणि उठाण (सुरुवातीची उचल), घिस्सा (डाव्या बाजूवर तळवा घासून काढलेला आवाज), काय नखरे करायचे ते ढोलकने करायचे. दोघं एकदम नखरे करायला लागले की टांगा गेला खड्ड्यात.

टापांसाठी वुडब्लॉक मागवला होता, फार टणटण करतो. मग नारळाच्या दोन करवंट्या घेतल्या, कडा पॉलिश पेपरने घासून सपाट केल्या आणि जुन्या पाटावर पालथ्या आपटून बघितल्या, तर आत हवा कोंडते आणि मस्त भरीव 'टप्प' येतो, फरशीवर नुसताच टकटकाट. पुतण्या टापा धरतो, मी ढोलक. परवा खालच्या काकू लिफ्टमध्ये म्हणाल्या, "नया दौर चाललंय ना तुमच्याकडे?" बस्स, पास झालो.

'नया दौर' १९५७चा, ओपीला फिल्मफेअर याच सिनेमासाठी मिळालं. पुढे १९६३ला 'फिर वही दिल लाया हूं'मध्ये 'बंदा परवर', १९६६ला 'सावन की घटा'मध्ये 'जरा हौले हौले'. एकच ठेका घोळवला म्हणून लोक नावं ठेवतात, पण लागोपाठ ऐका की, रफीचं 'बंदा परवर' कसं रुबाबात जातं आणि आशाचं 'हौले हौले' कसं लाडात. आणि ठेकेवाला म्हणून हिणवणाऱ्यांनी 'कल्पना'मधलं (१९६०) 'तू है मेरा प्रेम देवता' ऐकावं, चक्क ललित राग! लताचं एकही गाणं न घेता हा माणूस टॉपला होता.

आणि शेवटची वर्षं राहिला कुठे, तर आपल्या ठाण्यात. होमिओपॅथीची औषधं द्यायचा म्हणे लोकांना. २८ जानेवारी २००७ला गेला. मी तेव्हा गडकरी रंगायतनला नाटकं बघत फिरत होतो आणि ओपी याच गावात होता, फार चुटपुट लागते राव.

आता पुढे 'हौले हौले'. पावसाने ढोलकच्या डाव्या पुडीचा (कातड्याचा) मसाला, म्हणजे आतला लेप, नरम पडलाय, घिस्सा नीट बोलत नाहीये, आधी ते बघतो. ठाणे-कळव्यात कोणी मेंडोलिनवाला असेल तर रविवारी या की, करवंट्या तयार आहेत.