दोन सेकंदांची उसंत: कादंबरीसाठी एक गूढ पंथ रचताना

सुरुवात मी देवापासून केली, तिथेच चुकलं. सृष्टीची उत्पत्ती, देवांची वंशावळ, अंतिम सत्य असं सगळं वहीत उतरलं, पण माझ्या काल्पनिक पठारावरची बाई सकाळी उठून नेमकं काय करते, ते त्यातून कळेना. शेवटी ते सगळं बाजूला ठेवून एकच कृती ठरवली. विहिरीच्या काठावर उभं राहायचं, सुपारीएवढा खडा खाली सोडायचा आणि ‘डुबुक’ होईपर्यंत ऐकत राहायचं. खडा सुटल्यापासून आवाज येईपर्यंतचा रिता वेळ म्हणजेच त्यांचा देव. त्याचं नाव उसंत. अशी कृती निवडताना सहा वर्षांच्या पोराला ती जमेल का आणि गरिबाला रोज परवडेल का, एवढं आधी पाहावं.

पहिल्या मसुद्यात उसंत ‘सात श्वास’ टिकायची. वाचायला ते भारदस्त वाटतं. पण एक श्वास ४ सेकंदांचा धरला तर २८ सेकंद होतात, आणि आवाज वर यायला लागणारा वेळ वजा केला तरी विहीर दोन किलोमीटरांहून खोल निघते. पठारावरचं गुरुत्वाकर्षण आपल्यासारखंच ठेवलेलं, त्यामुळे पळवाट नव्हती. १ सेकंदात खडा सुमारे ५ मीटर पडतो, २ सेकंदांत २० मीटर, ३ सेकंदांत ४५. गावच्या विहिरीत पाणी सरासरी २० मीटरांवर असेल तर उसंत दोन सेकंदांची, म्हणजे अर्धा श्वास. या अडचणीतूनच पंथाची शिकवण सापडली. विहीर कितीही खणली तरी उसंत फारशी वाढत नाही, म्हणून ऐकणाऱ्याने स्वतःला खणायचं. गुरू शिष्याला नवं काही देत नाही. तेच दोन सेकंद पुन्हा पुन्हा ऐकायला लावतो.

मग खड्यांचा हिशेब केला. तो प्रत्येकाने करावाच, कारण रोजचा विधी म्हटला की रोजचा ढीग आला. ४०० घरं, घरटी रोज एक खडा, वर्ष ३६० दिवसांचं: १,४४,००० खडे. एक खडा साधारण ८ घनसेंटीमीटरचा, त्यात मधल्या पोकळ्या मिळवल्या की वर्षाला जवळजवळ दोन घनमीटर भर पडते. ३ मीटर व्यासाच्या विहिरीचा तळ त्यामुळे दरसाल २७ सेंटीमीटर वर येतो. ऐन उन्हाळ्यात ४ मीटर पाणी उरत असेल तर पंधराव्या उन्हाळ्यात खड्यांचा ढीग पाण्याबाहेर डोकावेल आणि ‘डुबुक’ऐवजी ‘टक्’ ऐकू येईल. देव आहे, पण त्याचा शेवट चुकीचा लागतोय, असा तो प्रसंग.

यातून उपसा आला. दरवर्षी आटत्या पाण्यात उतरून खडे काढणारी घराणी आली, त्यांचा मान आणि त्यांची मजुरी आली. वर काढलेले खडे ‘ऐकलेले’ मानले जातात. ते नव्या घराच्या पायात घालतात, पुन्हा विहिरीत कधीच टाकत नाहीत. पंथातलं अर्थकारण आणि निम्मी भांडणं या एका गुणाकारातून निघाली. ती मी नुसती बसून सुचवली असती तर पोकळ वाटली असती.

आकाशात दोन चंद्र आहेत आणि दीक्षा दोघांची पौर्णिमा एकत्र आली की होते. आधी मी २४ आणि ३६ दिवसांच्या फेऱ्या धरल्या होत्या. त्या दर ७२ दिवसांनी जुळतात, म्हणजे वर्षातून पाच वेळा, त्याही दरवर्षी त्याच तारखांना. सणाची किंमतच राहिली नाही. २४ चे २५ केले आणि मेळ ९०० दिवसांवर गेला: बरोबर अडीच वर्षं. त्यामुळे एक दीक्षा उन्हाळ्यात, तर पुढची हिवाळ्यात. हिवाळ्यात पाणी १८ मीटरांवर असतं, उन्हाळ्यात २३ वर. उसंतीत पाव सेकंदाचा फरक पडतो, आणि उन्हाळी दीक्षेचे लोक त्या पाव सेकंदावर आपला मोठेपणा सांगतात.

दोन्ही फेऱ्या एक्सेलमध्ये शेजारी मांडल्या तेव्हा आणखी एक गोष्ट दिसली. ३२४–३२५ आणि ५७५–५७६ या दिवशी दोन पौर्णिमा एका दिवसाच्या अंतराने येतात. गावकरी तो मेळच समजणार. हा दोष मी झाकला नाही. आपल्याकडे स्मार्त आणि भागवत एकादशी कधी कधी लागोपाठच्या दोन दिवशी येतात, हे पंचांग पाहणाऱ्याला ठाऊक असतं. तसेच इथे दोन पक्ष झाले.

नावांना वेळ कमी लागला. संस्कृत नावं दिली की वाचक आपल्याच देवळात जाऊन बसतो. म्हणून वारकरी, माळकरी यांच्या चालीवर काठकरी, पायरीकरी, तळकरी अशा तीन पायऱ्या केल्या.

गूढ किती ठेवायचं, हा प्रश्न सगळ्यात नाजूक. प्राचीन ग्रीसमध्ये गूढ दीक्षेसाठी अथेन्सहून एल्युसिसला जाणारी मिरवणूक उघड्यावर चालायची, पण सभागृहात दीक्षितांना काय दाखवत ते आजही नीट कळलेलं नाही. महानुभावांनी आपले ग्रंथ सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिपींत जपले, पण पंथाचं अस्तित्व कधी लपलं नाही. बाहेरचं भरपूर दिसलं तरच आतलं ओढ लावतं. म्हणून मी तीन रकाने केले: गावाला माहीत असलेलं, तळकऱ्यांना माहीत असलेलं आणि कुणालाच माहीत नसलेलं. तिसऱ्यात एकच ओळ आहे: उसंत आपल्याला ऐकते का? उत्तर मीही ठरवलेलं नाही, कारण लेखकाने ते ठरवलं की एखाद्या पात्राच्या तोंडून निसटतंच.

मसुदा वाचायला दिला तेव्हा पहिला प्रश्न आला: बहिऱ्या माणसाने काय करायचं? काठाच्या दगडावर हात ठेवून कंप जाणवेल असं मी आधी लिहिलं होतं, पण सुपारीएवढ्या खड्याने २० मीटरांवर तसं काही होत नाही. ते खोडलं. आता बहिरा माणूस समोरच्या काठावर उभा राहतो आणि ऐकणाऱ्याचा चेहरा पाहतो. चेहरा सैल पडला की तो हात वर करतो. दीक्षेच्या दिवशी त्याने हात वर केल्याशिवाय उसंत संपली असं कुणी म्हणत नाही.