रुक्मिणीच्या माहेरी जाणारी दिंडी

आषाढात अख्खा महाराष्ट्र पंढरपूरच्या दिशेनं चालतो. कार्तिकात आमच्याकडे उलटं होतं. कार्तिकी एकादशी आटोपली की विठोबा पंढरपूर सोडून सासरवाडीला येतो आणि अडीच दिवस मुक्काम करतो, असं अमरावती-वर्धेकडची माणसं पिढ्यान्‌पिढ्या सांगत आली आहेत. सासरवाडी म्हणजे कौंडण्यपूर. तिवसा तालुक्यातलं, वर्धा नदीच्या काठावरचं, विदर्भराजा भीष्मकाच्या राजधानीचं गाव. रुक्मिणीचं माहेर. पौर्णिमेच्या दुसऱ्या दिवशी तिथे दहीहंडी फुटते आणि त्या काल्यासाठी आजूबाजूच्या गावांमधून दिंड्या निघतात. आमचीही निघते.

आमचं गाव रिद्धपूरजवळचं, संत्र्याच्या पट्ट्यातलं. दिंडी लहान, साठ-सत्तर माणसांची, त्यात बायाच जास्त. पुढे विणेकरी आबाजी, त्यांच्यामागे टाळकरी आणि पखवाज, मग डोक्यावर तुळस घेतलेल्या बाया, शेवटी बिछायत आणि पिठाचे डबे भरलेला छोटा हत्ती टेम्पो. मोठ्या पालखीचा थाट इथे नाही, पण बोलायला भरपूर वेळ असतो. हरिपाठ झाला, दोन-चार अभंग झाले की टाळ खांद्याला अडकवले जातात आणि गोष्टी सुरू होतात. मी या दिंडीत चालते ती देवासाठी आणि तितकीच या गोष्टींसाठी.

पहिला थांबा रिद्धपूर. आमची दिंडी वारकऱ्यांची आणि रिद्धपूर महानुभावांचं. पंथ वेगळे, नेम वेगळे. पण महानुभावांच्या पंचकृष्णांत श्रीकृष्ण पहिला, त्यामुळे रुक्मिणी दोन्हीकडची. तेराव्या शतकात याच गावात गोविंदप्रभू राहत होते. कुणाच्याही घरात शिरायचे, हाताला येईल ते खायचे, मुलांशी खेळायचे, आणि गाव त्यांना ‘राऊळ माय, राऊळ बाप’ म्हणून जपत होतं. एकदा त्यांना लग्नाचा खेळ मांडावासा वाटला, तेव्हा महदाइसेनं रुक्मिणीच्या लग्नाचे धवळे रचून गायले. मराठीतली आद्य कवयित्री म्हणून आपण जिचं नाव घेतो, तिनं गायलं ते इथल्या लेकीचं लग्न, आणि गायलंही इथेच. मठाच्या ओट्यावर बसून हे ऐकताना आमच्यातल्या एका काकींनी लगेच स्वतःच्या लग्नातलं गाणं काढलं. हळदीच्या वेळचं, त्यातही नवरी रुक्मिणीच होती. काकींना महदाइसेचं नाव त्या दिवशी पहिल्यांदा कळलं. गाणं मात्र त्यांच्याकडे आईकडून आलं होतं, आणि आईकडे तिच्या आईकडून.

लीळाचरित्राची आठवणही इथे निघतेच. महानुभाव पंथाचे संस्थापक चक्रधरस्वामी गेल्यावर म्हाइंभटांनी ज्यांनी-ज्यांनी स्वामींना पाहिलं होतं त्यांच्याकडे जाऊन, विचारून, एकेक लीळा गोळा केली. मराठी गद्याचा पहिला मोठा ग्रंथ असा लोकांच्या तोंडून उतरलेला आहे. आता रिद्धपुरात मराठी भाषा विद्यापीठ सुरू झालं आहे. मला मनापासून वाटतं की तिथल्या मुलांनी पुस्तकांबरोबर म्हाइंभटांची ती पायपीटही करावी. एका कार्तिकात एखाद्या दिंडीबरोबर चाललं तरी वही भरेल.

रिद्धपूर सुटलं की रस्त्याच्या दोन्ही बाजूंना आधी संत्र्याच्या बागा आणि नंतर कापूसच कापूस. नोव्हेंबरच्या सकाळी धुक्यातून पांढरी वावरं दिसतात, तुरीला पिवळा फुलोरा आलेला असतो. बागवाले संत्र्यांचं कॅरेट रस्त्यावर आणून ठेवतात आणि ‘घ्या माउली’ म्हणत ओंजळी भरतात. वेचणीला आलेल्या बाया कमरेला फडकं बांधून ओळीनं पुढे सरकत असतात. दिंडी दिसली की त्यातल्या दोघी-तिघी धुऱ्यावर येतात, विण्याला हात लावून पाया पडतात आणि परत ओळीत जातात. मजुरी किलोवर असते, थांबणं परवडत नाही. त्यांच्यासाठी आबाजी चाल धीमी करतात.

एका वावरात त्या दिवशीच वेचणीचा मुहूर्त होता. धुऱ्याजवळ पाच दगड मांडलेले, त्यांना हळदीकुंकू, पुढे दहीभात. आमच्याकडे याला सीतादही म्हणतात. पहिला कापूस घरात येण्याआधी सीतेचा मान. ते पाहून राळेगावकडून सून म्हणून आमच्या गावात आलेली एक बाई बोलायला लागली. एरवी तिचा आवाज दिंडीत कुणी ऐकलेला नव्हता.

तिचं माहेर रावेरीच्या शेजारचं. यवतमाळ जिल्ह्यातल्या या रावेरीत सीतेचं देऊळ आहे आणि त्यात राम नाही. रामानं सोडल्यावर सीता या रानात आली, इथेच लव-कुश झाले. बाळंतीण सीता गावात पसाभर गहू मागायला गेली. गावानं दिला नाही. तिनं शाप दिला, तुमच्या शिवारात गहू पिकणार नाही. “आमच्याकडच्या म्हाताऱ्या सांगत, त्या गावाले लय वर्षं गव्हाचा दाना दिसला नाही,” ती म्हणाली. “मायी आजी म्हने, बाळंतिणीले नाही म्हनलं की अशीच गत होते.” मग ती थांबली आणि म्हणाली, “आमच्या घरी अजूनही दारी आलेल्या बाईले पीठ नाही म्हनत नाहीत.”

त्या देवळाचा जीर्णोद्धार शेतकरी संघटनेच्या शरद जोशींच्या पुढाकारानं झाला. घरच्या लक्ष्मीच्या नावे जमीन करा असं शेतकऱ्यांना सांगणाऱ्या माणसाला हे मोडकळीला आलेलं, एकटीच्या सीतेचं देऊळ जवळचं वाटावं, यात मला नवल वाटत नाही. टाकलेल्या बाईची बाजू घेणारी, आणि तिला उपाशी ठेवणाऱ्या आपल्याच गावाला दोष देणारी ही गोष्ट गावानंच जपून ठेवली आहे. स्वतःचा अपराध इतकी वर्षं सांगत राहणारी माणसं मला मोठी वाटतात.

हे सांगताना एक दुखरी गोष्टही लिहायला हवी. विदर्भाचं नाव घेतलं की बाहेर आमची एकच गोष्ट सांगितली जाते. २००६ साली पंतप्रधान मनमोहन सिंग येऊन गेले, सहा जिल्ह्यांसाठी पॅकेज जाहीर झालं, आणि तेव्हापासून अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलडाणा, वाशीम, वर्धा या नावांना ‘आत्महत्याग्रस्त’ हे विशेषण जोडलं गेलं. ते दुःख खरं आहे. आमच्या दिंडीत ज्यांचे नवरे असे गेले त्या बाया चालतात. पाऊस, बोंडअळी, भाव, कर्ज, हे सगळं आम्ही रस्त्यानं बोलतो, रडतोही. पण त्यातल्याच एका मावशीनं मला सांगितलेलं मी विसरू शकत नाही. तिच्याकडे पुष्कळ लोक येऊन गेले, वही घेऊन, कॅमेरा घेऊन. सगळ्यांनी तेवढं एकच विचारलं. “कोनं असं नाही इचारलं का मावशे, तुले गाता येते काय? तुले गोष्ट येते काय?” आणि या मावशीला रुक्मिणी स्वयंवर पत्रिकेपासून वरातीपर्यंत तोंडपाठ आहे. एखाद्या मुलखाला त्याच्या जखमेच्या नावानंच हाक मारत राहणं हा त्या मुलखावरचा अन्याय आहे, असं मला वाटतं. आम्ही कोण, हे सांगायला आमच्याकडे गोष्टी आहेत आणि त्या सांगणारी माणसं अजून रस्त्यानं चालत आहेत.

यावली शहीदला दुपारचा विसावा झाला. गावाच्या नावातला ‘शहीद’ १९४२ च्या लढ्यातला, आणि हेच तुकडोजी महाराजांचं जन्मगाव, जन्म १९०९ चा. बेचाळीसच्या आंदोलनात इंग्रजांनी महाराजांनाही तुरुंगात टाकलं होतं. तिथून पुढे मोझरी, महाराजांच्या आश्रमाचं गाव. मोझरीत संध्याकाळच्या सामुदायिक प्रार्थनेला दिंडी बसली. खंजिरी वाजली की आमच्याकडच्या म्हाताऱ्यांच्या पाठी ताठ होतात. त्यांनी महाराजांना ऐकलेलं आहे, १९६८ साली महाराज गेले त्याच्या आधी, लहानपणी बापाच्या खांद्यावर बसून. ग्रामगीता १९५५ साली छापली गेली. आमच्या गावातल्या जुन्या घरांत तिची प्रत ज्ञानेश्वरीशेजारी कापडात बांधलेली सापडते, संडास कुठे बांधावा आणि भांडण गावातच कसं मिटवावं हे सांगणारी पोथी म्हणून.

तिवसा मागे टाकून कुऱ्ह्याकडे वळलो. मुक्कामाला गावानं रोडगे केले होते. गोवऱ्यांच्या आरात भाजलेले, फोडून तूप घातलेले, सोबत वांग्याची भाजी. वऱ्हाडात रोडगे आणि वांग्यांच्या पंगतीला जेवलेला माणूस लवकर झोपत नाही. देवळासमोर शेकोटी पेटली आणि मावशी सांगायला बसली. रुक्मिणीचा थोरला भाऊ रुक्मी, त्याला बहीण शिशुपालाला द्यायची होती. तिच्या मनात कृष्ण. तिनं सुदेव ब्राह्मणाच्या हाती पत्र पाठवलं, अंबिकेच्या देवळात दर्शनाला जाईन तेव्हा ये म्हणून कळवलं. आमच्यातला एक कॉलेजचा पोरगा मधेच म्हणाला, “म्हणजे कृष्णानं तिचं हरण केलं.”

मावशी उसळली. “तिले कोनं पयोलं नाही रे बाबू. चिठ्ठी कोनं लिहिली? वेळ कोनं सांगतली? देऊळ कोनं ठरोलं? ते सोताहून गेली. हरन-हरन कायचं लावलं?”

पोरगा गप्प झाला आणि बाया हसून टाळ्या पिटायला लागल्या. मग गोष्ट रुक्मीवर गेली. तो पाठलाग करत गेला, हरला, त्याची विटंबना झाली. बहिणीला आणल्याशिवाय कौंडण्यपुरात पाय ठेवणार नाही असा पण केला होता, म्हणून परतलाच नाही, त्यानं भोजकट नावाचं नगर वसवलं. ते भोजकट म्हणजे आजचं भातकुली, अमरावतीजवळचं. भातकुलीची एक सोयरी तिथे बसली होती, तिला सगळ्यांनी रुक्मीकडची म्हणून हक्कानं चिडवून घेतलं. तीही मागे हटली नाही. भावाला बहीण परत आणता आली नाही म्हणून तो घर सोडून राहिला, यात त्याचं प्रेम नव्हतं का, असं तिनं विचारलं. त्यावर बराच वेळ कुणी बोललं नाही.

मी तेव्हा त्यांना सांगितलं की अरुणाचलातले इदू मिश्मी लोक रुक्मिणीला त्यांच्याकडची मानतात, भीष्मकनगर नावाची जुनी जागाही तिकडे दाखवतात. आणि गुजरातेत पोरबंदरजवळ माधवपूरला चैत्रात कृष्ण-रुक्मिणीच्या लग्नाची जत्रा भरते. मला वाटलं होतं बायांना राग येईल. मावशी म्हणाली, “येऊ दे ना. पोरीले दोन माहेरं असली तं बिघडलं काय?” आणि तिनं पुढचा प्रसंग घेतला.

विदर्भाच्या जुन्या गोष्टी आठवून पाहा. दमयंती इथली, ती नळाला दिली. लोपामुद्रा अगस्तीला. इंदुमती अजाला. रुक्मिणी द्वारकेला गेली, आणि तिथूनही रुसून दिंडीरवनात, म्हणजे पंढरपुरात आली. या गोष्टींत हा मुलूख लेकींच्या नावानं ओळखला जातो, आणि त्या सगळ्या सासरी गेलेल्या. म्हणूनच संत सदाराम महाराजांनी १५९४ साली सुरू केल्याचं सांगतात ती रुक्मिणीची पालखी आजही आषाढीसाठी कौंडण्यपुरातून पंढरपूरला जाते, तेव्हा आमच्या बायांना ते लेकीची पाठवणी केल्यासारखं वाटतं. आणि कार्तिकात जावई येतो, तेव्हा सगळ्या गावाला पाहुणचाराची घाई होते.

कौंडण्यपूर दुरून दिसतं ते टेकाडावर. या टेकाडात १९६० च्या दशकात उत्खनन झालं, मोरेश्वर दीक्षितांनी केलेलं, आणि सातवाहनांच्या काळापर्यंतची वस्ती हाती लागली. खाली वर्धा नदी. अलीकडे वऱ्हाड, पलीकडे आर्वीचा, म्हणजे पूर्वीच्या नागपूर प्रांताचा मुलूख. निजामानं १८५३ साली वऱ्हाड इंग्रजांकडे सोपवलं, १९०३ साली ते मध्य प्रांताला जोडलं गेलं, १९५६ साली मुंबई राज्यात आणि १९६० साली महाराष्ट्रात आलं. विदर्भानं मराठी राज्यात यावं म्हणून झालेल्या १९५३ च्या नागपूर करारात काय कबूल केलं होतं आणि काय मिळालं, यावर आमच्याकडे पानठेल्यावर रोज वाद होतो, आणि तो व्हायलाच हवा. पण दहीहंडीच्या दिवशी दोन्ही काठांची माणसं एकाच घाटावर आंघोळीला उतरतात.

गर्दी अफाट होती. खेळण्यांची दुकानं, रहाटपाळणे, भजनांच्या राहुट्या, आणि देवळाच्या दारात दिंडीमागून दिंडी पाऊली खेळत येणारी. हंडी फुटली तेव्हा काल्याचे दहीपोहे माझ्या केसांतही उडाले.

काला झाल्यावर आम्ही घाटावर बसलो. आर्वीकडच्या एका दिंडीतल्या बाया शेजारीच शिदोरी सोडून बसल्या होत्या. त्यातली एक म्हातारी पलीकडच्या काठाकडे बोट दाखवून म्हणाली, कृष्णाचा रथ त्या काठानं गेला. आमचा कॉलेजचा पोरगा लगेच म्हणाला, “आजी, नदी गावाच्या पूर्वेला आहे आणि द्वारका पश्चिमेला. इकडून कसा जाईल?”

“तुले जे समजते ते रुक्मीलेही समजत होतं,” म्हातारी म्हणाली. “तो बसला पश्चिमेच्या वाटेवर दबा धरून. म्हनून तं इकडून नेला ना.”

“असं कुठं लिहिलंय?” पोरगा.

आमची मावशी तेवढ्यात त्या म्हातारीच्या बाजूला सरकून बसली. “तू बोल व माय,” ती म्हणाली, “नदीले तवा पानी होतं का नव्हतं?” आणि दोघींनी मिळून रथ नदीपार न्यायला सुरुवात केली.