कुकडीच्या काठानं : पूरपासून निघोजच्या कुंडापर्यंत

कुकडी ही घोड नदीची उपनदी. नाणेघाटाच्या अंगाला उगम पावते, जुन्नरवरून पूर्वेला वाहत जाते आणि शिरूर परिसरात घोडला मिळते. पुढे घोड भीमेला जाते. लांबी फार नाही, सकाळी लवकर निघालात तर गाडीनं दोन दिवसांत निवांत पाहून होते. मात्र येडगाव धरणाच्या खाली नदीत पाणी किती असेल, हे पावसाळा सोडला तर धरणाचं आवर्तन, म्हणजे पाणी सोडण्याची पाळी, ठरवतं. म्हणून निघण्याआधी आवर्तन सुरू आहे का, हे काठच्या गावात फोन करून विचारा.

सुरुवात पूर गावातल्या कुकडेश्वरापासून करावी. जुन्नरहून आपटाळे, चावंडमार्गे साधारण २० किलोमीटर. उगमाचं स्थान म्हणून हे देऊळ मानलं जातं. बांधणी शिलाहार काळातली, आणि भिंतींवरचं कोरीवकाम मन लावून पाहण्यासारखं आहे. हा भाग महादेव कोळी वस्तीचा, भाताचा आणि हिरड्याचा. एसटी येते, पण फेऱ्या मोजक्याच. परतीची वेळ उतरतानाच कंडक्टरला विचारून ठेवा. जुलै-ऑगस्टमध्ये धुकं इतकं दाटतं की चार पावलांपुढचं दिसत नाही, तेव्हा नाणेघाट जोडायचा असेल तर सप्टेंबरअखेर ते नोव्हेंबर बरा.

खाली माणिकडोह धरण. क्षमता सुमारे १० टीएमसी (अब्ज घनफूट), पण बऱ्याच वर्षी ते पूर्ण भरत नाही. कुकडी प्रकल्पात माणिकडोह, येडगाव, वडज, पिंपळगाव जोगे आणि डिंभे अशी पाच धरणं आहेत. त्यांतलं डिंभे घोड नदीवर आहे, तरी त्याच्या डाव्या कालव्याचं पाणी येडगावात येतं. येडगावातून निघणारा डावा कालवा पारनेर, श्रीगोंदा, कर्जत, करमाळ्यापर्यंत जातो. शेवटच्या टोकाला पाणी पोचेपर्यंत वरच्यांची भरणी झालेली असते. दर आवर्तनाला वाद होतो तो याच कारणानं, आणि टेलच्या, म्हणजे कालव्याच्या शेवटाकडच्या, शेतकऱ्याची तक्रार खोटी नाही.

ओझरचा विघ्नेश्वर येडगावच्या फुगवट्याच्या, म्हणजे धरणामागे साठलेल्या पाण्याच्या, काठावर आहे. फुगवट्याचा काठ गाळाचा आहे, वरून कोरडा दिसला तरी पाय आत जातो, तेव्हा फोटोसाठी खाली उतरू नका. हा सगळा ऊस, टोमॅटो आणि द्राक्षाचा पट्टा. उसात बिबट्या राहतो. अंधार पडल्यावर शेतवाटेनं चालू नये, मुलांना पुढे-मागे सोडू नये.

येडगावखाली एखाद्या कोल्हापूर पद्धतीच्या बंधाऱ्यापाशी थांबाच. दगडी खांबांच्या खाचांत बर्गे, म्हणजे पाणी अडवणाऱ्या फळ्या, बसवतात. पावसाळा सरला की, साधारण ऑक्टोबरात, ते टाकतात आणि पुराच्या आधी काढतात. बर्ग्यांच्या दोन ओळी असतील तर मधे चिकणमाती ठासतात. ती नीट ठासली नाही, किंवा बर्गा वाकला असला, की फटीतून धार लागते आणि महिन्याभरात फुगवटा उतरतो. काढायला उशीर झाला तर उलटंच संकट : पूर बंधाऱ्याला अडतो आणि बगल फोडून काठची जमीन घेऊन जातो. बर्गे बसलेले असताना खांबांवरून चालत पलीकडे जाऊ नका, वरच्या बाजूला पाणी खोल असतं.

पुढे आळेफाटा, बेल्हे, अळकुटीमार्गे निघोज. इथं नदी जिल्ह्याची हद्द आहे : एका काठाला शिरूर तालुक्यातलं टाकळी हाजी, दुसऱ्या काठाला पारनेर तालुक्यातलं निघोज. पात्रातल्या बेसाल्टमध्ये रांजणखळगे पडलेत, गावकरी त्या जागेला कुंडच म्हणतात. पुराच्या भोवऱ्यात सापडलेले गोटे एकाच जागी गरगरत खडक घासतात. खळगा खोल झाला की गोटा बाहेर पडू शकत नाही, मग झीज आणखी वाढते. शेजारच्या दोन खळग्यांमधली भिंत झिजून फुटली की दोन्ही एक होतात आणि अरुंद, खोल घळ तयार होते. कोरड्या खळग्यात वाकून पाहा : तळाशी गुळगुळीत गोटे आणि भिंतीवर आडव्या, गोल फिरलेल्या खुणा दिसतील.

जायचं ते फेब्रुवारी ते मे, सकाळी दहाच्या आत. नंतर खडक तापतो. रबरी तळव्याचे बूट घाला. शेवाळलेल्या कडेवर पाय टाकू नका आणि पोहायला अजिबात उतरू नका. हिरव्या पाण्याखाली तळ दिसत नाही, भिंती गुळगुळीत असल्यानं वर चढायला पकड मिळत नाही. नदीत पाणी सोडलेलं असेल तर झुलत्या पुलावरून पाहा, तेवढंच पुरे. चैत्रात मळगंगेची यात्रा असते, तेव्हा खडक पाहायचे असतील तर दुसरा दिवस धरा.

इथून शिरूर साधारण २५ किलोमीटर, आणि तिथून पुण्याला हमरस्ता. पाणी आणि खाणं निघोज गावातच घेऊन कुंडावर जा.