नाचणी-भोपळ्याची बिस्किटं, लिव्हर क्यूब आणि सुके बोंबील: श्वानखाऊच्या पावसाळी बॅचची नोंद

मे महिन्यात उत्तम जमणारी रेसिपी जुलैत दगा देते, ही तक्रार घरी कुत्र्यांसाठी बिस्किटं करणाऱ्या जवळपास प्रत्येकाची. रेसिपी तीच, ओटीजी (घरगुती विजेचा छोटा ओव्हन) तोच, डायलवरचा आकडाही तोच. तरी तिसऱ्या दिवशी बिस्किट मोडायच्या ऐवजी वाकतं आणि आठवड्याभरात कडेला पांढुरकी बुरशी धरते. दोष बहुतेक वेळा भाजण्याचा नसतो, वाळवण्याचा असतो. आपल्या खाऊत साखर नाही, मीठ नाही, प्रिझर्व्हेटिव्ह नाही. टिकवणारी गोष्ट एकच, ती म्हणजे पाणी बाहेर काढणं. म्हणून या मोसमातल्या नोंदी मिनिटांवर नाहीत, वजनावर आहेत: ट्रे आत जाताना किती आणि बाहेर येताना किती.

मूळ पीठ

नाचणीचं पीठ १५० ग्रॅम, कणीक १०० ग्रॅम, लाल भोपळ्याचा शिजवलेला गर १२० ग्रॅम, एक अंडं (कवचाविना साधारण ५० ग्रॅम), शेंगदाण्याचं बटर ३० ग्रॅम. एकूण ४५० ग्रॅम. बेकिंग पावडर नाही. बिस्किट फुगवायचं नाहीच, मग सोडियम कशाला वाढवा?

आता हिशोब. पिठात साधारण ८९ टक्के कोरडा ऐवज धरा, भोपळ्याच्या गरात १० टक्के, अंड्यात २५ टक्के, शेंगदाण्याचं बटर जवळजवळ सगळंच कोरडं. म्हणजे २२२ + १२ + १२ + ३०, मिळून सुमारे २७७ ग्रॅम. खुटखुटीत बिस्किटात ८ टक्के पाणी उरलेलं चालतं, म्हणून २७७ भागिले ०.९२ = ३०० ग्रॅम. थोडक्यात, ४५० ग्रॅम कच्च्या गोळ्याची बिस्किटं ३०० ग्रॅम भरली की काम झालं. ३३० भरली तर रंग कितीही देखणा असो, ती वाळलेली नाहीत. परातीला आणि लाटण्याला थोडं पीठ चिकटून राहतंच, म्हणून ट्रेवर मांडलेल्या कच्च्या शंकरपाळ्यांचं वजन घ्या आणि त्याला ०.६७ ने गुणा. किचनचा साधा डिजिटल काटा पुरतो. रिकाम्या ट्रेचं वजन एकदाच करून ट्रेच्या मागे मार्करने लिहून ठेवा.

भोपळा हा या सगळ्यातला बेभरवशाचा गडी. कुकरच्या भांड्यात पाणी न घालता वाफवला तरी काही भोपळे पार पाणी सोडतात. गर मलमलच्या फडक्यात अर्धा तास टांगा, मगच मोजा. चमचा उलटा केल्यावर गर पटकन ओघळत असेल तर कढईत मंद आचेवर आटवून घ्या. हे टाळून पीठ सैल झालं की हात आपोआप कणकेच्या डब्याकडे जातो, आणि मग वजनाचा सगळा हिशोब कोलमडतो.

लाटणं, कापणं, भाजणं

गोळा भाकरीच्या पिठापेक्षा घट्ट, शंकरपाळ्यांच्या पिठाइतका हवा. २० मिनिटं झाकून ठेवा, नाचणी पाणी सावकाश ओढते. दोन बटर पेपरच्या मध्ये ठेवून ६ मिलिमीटर जाडीची पोळी लाटा. जाडी सारखी यावी म्हणून दोन्ही बाजूंना ६ मिलिमीटरच्या लाकडी पट्ट्या ठेवून त्यांवरून लाटणं फिरवा. हाडाच्या आकाराचे साचे फोटोपुरते छान, पण उरलेल्या तुकड्यांचा पुन्हा गोळा होतो, पुन्हा लाटलं जातं आणि ती बिस्किटं पहिल्या खेपेपेक्षा चिवट निघतात, कारण कणकेतलं ग्लुटेन दुसऱ्यांदा ताणलं जातं. कातण्याने सरळ शंकरपाळे कापले तर कडांखेरीज काहीच वाया जात नाही. एकेक कच्चा तुकडा ५ ग्रॅमचा धरा. तयार होऊन तो साडेतीनच्या जरा आत भरतो. प्रत्येकाला काट्याने दोन ठिकाणी आरपार टोचा. न टोचलेल्या बिस्किटात वाफ अडकते, पोटात पोकळी होते आणि वरचा पापुद्रा सुटतो.

१६० अंशांवर फक्त खालचा रॉड, मधला कप्पा, २५ मिनिटं. मग उलटून १५ मिनिटं. ओटीजीच्या डायलवरचा आकडा आणि आतलं तापमान यांत २०-३० अंशांची तफावत सर्रास असते, तेव्हा आत ठेवायचा थर्मामीटर घेणं हे सगळ्या साच्यांपेक्षा शहाणपणाचं. यानंतर डायल १०० वर आणून दाराच्या फटीत लाकडी उलथन्याचं टोक अडकवा, म्हणजे वाफ बाहेर पडेल. एक तासाने वजन करा, त्यानंतर दर २० मिनिटांनी. पावसाळी हवेत हा टप्पा दीड तासापर्यंत लांबतो. पंख्याची सोय असलेल्या ओटीजीत पंखा चालू ठेवा. दार किलकिलं असताना थर्मोस्टॅट रॉड बराच वेळ तापता ठेवतो, म्हणून मागची रांग पुढे आणि पुढची मागे, अशी अदलाबदल मध्ये एकदा कराच.

उन्हाळ्यात भाजून झाल्यावर ओटीजी बंद करून रात्रभर आतच ठेवलेली बिस्किटं सकाळी मस्त कडक मिळतात. पावसाळ्यात हाच उपाय उलटा पडतो. गार झालेल्या ओव्हनमध्ये बाहेरची दमट हवा शिरते आणि पहाटेपर्यंत बिस्किटाने ती पिऊन घेतलेली असते.

वेळ वाचवायला १९० अंशांवर भाजलेल्या बॅचचं काय होतं, हे एक बिस्किट मधोमध मोडलं की दिसतं: बाहेर दीड-दोन मिलिमीटरची गडद, काचेसारखी कड आणि मध्ये बोटाने दबणारा तपकिरी ओला पट्टा. साल आधी कडक झाली की आतल्या पाण्याची वाट बंद होते. डब्यात गेल्यावर तेच पाणी हळूहळू बाहेरच्या थरात पसरतं आणि सगळंच मऊ पडतं. बिस्किट पुन्हा भाजलं तर कड करपते आणि मधला भाग तसाच राहतो. अशी बॅच चुरून जेवणावर भुरभुरायला ठेवा, फ्रिजमध्ये, आणि दोन-तीन दिवसांत संपवा.

कुत्र्याच्या बिस्किटाचं मूळही अशाच वाळवलेल्या वस्तूत आहे. ओहायोचा जेम्स स्प्रॅट १८६० च्या सुमारास लंडनला इमारतींवर बसवायचे तडितवाहक (आकाशातली वीज जमिनीत उतरवणाऱ्या सळया) विकायला गेला होता. गोदीतली कुत्री जहाजावरची टणक बिस्किटं खाताना पाहून त्याला ही कल्पना सुचली असं सांगतात. त्याच्याच कंपनीत काम केलेल्या चार्ल्स क्रफ्टने १८९१ मध्ये क्रफ्ट्स हे श्वानप्रदर्शन सुरू केलं.

फक्त नाचणी, गहू नाही

गव्हाची ॲलर्जी वाटते तितकी घरोघरी नसते. कुत्र्यांच्या अन्न-ॲलर्जीत बीफ, दुधाचे पदार्थ आणि चिकन गव्हाच्याही पुढे आहेत. तरी व्हेटने गहू बंद सांगितला असेल तर नाचणी एकटीने बांधली जात नाही, भुगा होतो. इथे उकड कामाला येते. २५० ग्रॅम नाचणीतली ५० ग्रॅम बाजूला काढा, १५० मिलिलिटर पाण्यात गुठळ्या न होऊ देता घट्ट शिजवा, कोमट झाली की उरलेली २०० ग्रॅम, एक अंडं आणि २० ग्रॅम शेंगदाण्याचं बटर घालून मळा. शिजलेला स्टार्च गोंदाचं काम करतो आणि पोळी कडेला न फाटता लाटली जाते. उकड गरम असतानाच अंडं घातलं तर ते शिजून दाणे पडतात. या पिठात पाणी जास्त, म्हणून गुणक ०.६७ नाही, ०.६१. वाळवायला अर्धा तास वाढवून धरा.

बाजरी टिकाऊ बिस्किटांना नको. दळल्यावर काही दिवसांतच पीठ कडवट होतं, आणि आपल्याला जाणवायच्या आधी ते कुत्र्याच्या नाकाला कळतं. सगळं बेसनाचं करायचा मोहही टाळा. कडधान्यं भरपूर असलेला ‘ग्रेन-फ्री’ आहार आणि हृदयाचा डीसीएम हा आजार यांचा संबंध तपासत असल्याचं अमेरिकेच्या एफडीएने २०१८ मध्ये जाहीर केलं होतं. कार्यकारण सिद्ध झालेलं नाही. पण धान्य मुळातच वाईट हे म्हणणं त्याहून कच्चं आहे.

लिव्हर क्यूब

ट्रेनिंगसाठी याला तोड नाही. चिकन लिव्हर २५० ग्रॅम धुऊन, पित्ताचा हिरवा डाग दिसला तर तेवढा भाग कापून, एका अंड्याबरोबर मिक्सरला फिरवा. त्यात ज्वारीचं पीठ १२० ग्रॅम. मिश्रण इडलीच्या पिठासारखं पडलं पाहिजे. बटर पेपर लावलेल्या टिनमध्ये १ सेंटिमीटर थर, १७० अंश, २५ मिनिटं. मधोमध सुईचा थर्मामीटर ७४ अंशांच्या वर गेला पाहिजे. पूर्ण गार झाल्यावरच १ सेंटिमीटरचे चौकोन कापा, गरम असताना सुरीला चिकटून फाटतात. एक क्यूब म्हणजे जेमतेम २ कॅलरी, त्यामुळे सरावात पंधरा-वीस सहज देता येतात. हे ओलसर आहेत, डब्यात टिकत नाहीत: फ्रिजमध्ये ३-४ दिवस, फ्रीझरमध्ये दोन महिने. ताटात सुटे पसरून गोठवा आणि मग पिशवीत भरा, नाहीतर वीट तयार होते. लिव्हरमध्ये ‘अ’ जीवनसत्त्व भरमसाट असतं, तेव्हा हे रोजचं खाणं करू नका, आठवड्यातून दोन-तीन दिवस बस.

चिकनच्या पट्ट्या वाळवायच्या असतील तर कच्च्या कधीही डिहायड्रेटरमध्ये घालू नका. वाळताना बाष्पीभवनामुळे मांस थंड राहतं, आतलं तापमान जंतू मरण्याइतकं चढत नाही, आणि कोरड्या मांसातले जंतू नंतर उष्णतेला जुमानत नाहीत. आधी उकळत्या पाण्यात ७४ अंशांपर्यंत शिजवा, मग वाळवा.

रताळ्याचं थोडक्यात: उभे ७ मिलिमीटरचे काप, १२० अंश, अडीच-तीन तास, मध्ये उलटणं. ५०० ग्रॅमचे १७० झाले की चिवट चघळण. १३० च्या वर साखर जळून कडा कडू होतात. पावसात हे फ्रिजमध्येच ठेवा.

सुके बोंबील

बोंबील सहसा मीठ न लावता उन्हात वाळवतात, म्हणून सुक्या मासळीत आपल्याला तेच सोयीचे. तरी जिभेला टोक लावून बघा, खारट लागले तर परत. डोकी काढा, मऊ ब्रशने झटका, कारण वाळूचे कण असतातच. कोरड्या तव्यावर मंद आचेवर तुकडा कडकन मोडेपर्यंत परता, मग भुकटी करून चाळा. २५० ग्रॅम पिठाला १० ग्रॅम भुकटी पुरते. १५ ला गेलं की वास ओटीजीच्या जाळीत मुरतो आणि पुढचा केक बोंबलाचा होतो. सोसायटीत राहणाऱ्यांनी हे काम सकाळच्या कुकरच्या वेळेला उरकावं, तेव्हा सगळ्यांचीच फोडणी चालू असते.

शेंगदाणे आणि वर्ज्य यादी

बटर घरचंच बरं: दाणे भाजून, सालं पाखडून, तेल सुटेपर्यंत फिरवायचे, बाकी काही घालायचं नाही. सुरकुतलेले, काळपट, कडू दाणे निवडून फेका. त्यांतलं अफ्लाटॉक्सिन हे बुरशीचं विष भाजल्याने पुरतं नष्ट होत नाही आणि कुत्र्यांच्या यकृताला ते फार लवकर बाधतं. विकतच्या ‘शुगर-फ्री’ बरणीवर झायलिटॉल किंवा बर्च शुगर लिहिलेलं असेल तर ती घरातही आणू नका. किलो वजनामागे ०.१ ग्रॅमनेही कुत्र्याची रक्तशर्करा कोसळू शकते.

कांदा, लसूण, चॉकलेट, मनुका हे सगळ्यांना पाठ असतं. चिंच मात्र सुटते. द्राक्षं कुत्र्यांना बाधतात त्यामागे टार्टारिक ॲसिड असावं असं २०२१ पासून मानलं जातं, आणि ते चिंचेत भरपूर असतं. बेकिंगमध्ये वापरतात ती क्रीम ऑफ टार्टरची आंबट पूडही त्याच पंगतीतली.

साठवण आणि माप

बिस्किटं हाताला अगदी गार लागेपर्यंत डबा बंद करू नका, पण पावसात दोन-दोन तास उघडीही टाकू नका. पंख्याखाली जाळीवर २०-२५ मिनिटं, मग हवाबंद डबा. कोरड्या भाजलेल्या तांदळाची पुरचुंडी तळाशी चालते. सिलिका जेलची पाकिटं टाळा, कुत्रं पाकिटासकट गिळतं. बारा दिवसांपुरतीच बॅच बाहेर ठेवा, बाकी फ्रीझरमध्ये. नुसती सादळलेली १०० अंशांवर २० मिनिटांत परत कडक होतात. खवट वास आला किंवा बुरशीचा ठिपका एकावर जरी दिसला तरी पूर्ण डबा टाकायचा.

माप असं. किलोतल्या वजनाचा ०.७५ वा घात गुणिले ७०, आणि नसबंदी झालेल्या प्रौढ कुत्र्यासाठी पुन्हा गुणिले १.६, ही दिवसाची ढोबळ गरज. खाऊ त्याच्या १० टक्क्यांत. १० किलोच्या कुत्र्याला ६३ कॅलरी, २० किलोच्या इंडीला (देशी कुत्र्याला) १०५ च्या आसपास. मूळ पिठाचं एक बिस्किट १२ कॅलरीचं, म्हणजे पहिल्याला पाच, दुसऱ्याला आठ, आणि तेवढं जेवण कमी. कुत्रा फार जाड असेल किंवा स्वादुपिंडाची सूज होऊन गेली असेल तर शेंगदाणे वगळून त्याजागी तेवढाच भोपळा घाला. कोरडा ऐवज २५० वर येतो, तयार वजन २७२, गुणक ०.६.

पुढच्या बॅचला ज्वारीची उकड, जाडी ६ ऐवजी ५ मिलिमीटर आणि बाकी सगळं जसंच्या तसं. जाडी एक मिलिमीटरने उतरली की वाळवणीचा वेळ किती घटतो, तेवढंच त्यात मोजायचं आहे.