जपानमध्ये हाताने शिकताना : मिनोचा कागद आणि क्योटोची मिठाई

जपानमध्ये प्रवाशांसाठी असलेले हस्तकलेचे आणि स्वयंपाकाचे वर्ग शोधायला बसलं की यादी संपतच नाही. सुशी वळा, पंखा रंगवा, चॉपस्टिक कोरा, किमोनो नेसून तलवार धरा, आणि हे सगळं एकाच दुपारी! माझं मन त्यात रमेना. मी पुण्यात जुन्या कागदपत्रांच्या जतनाचं काम करते. पोथीचं पान फाटलं असेल तर त्याच्या मागे आम्ही जो पातळ जपानी टिश्यू लावतो, तो बहुतेक वेळा कोझो नावाच्या झाडाच्या सालीचा असतो. इतकी वर्षं तो कागद मी ओला करून, तंतू बोटांनी मोकळे करून फाटलेल्या कडांवर बसवत आले. तो जिथे बनतो तिथे जायचं आणि जमलं तर कागदाचा एक ताव स्वतः हौदातून उचलायचा, म्हणजे बनवायचा, एवढंच डोक्यात होतं. बरोबर आई येणार होती. तिचं म्हणणं वेगळं. "देवळं बघायचीच आहेत गं, पण ही माणसं खातात काय आणि ते करतात कसं, तेही बघू दे. ताटात आलेलं बघून काय कळतं?"

निवड करताना मी एकच कसोटी लावली : पर्यटक निघून गेल्यावरही त्या जागी तेच काम चालतं का? जिथे चालतं तिथली हत्यारं खरी असतात, शिकवणाऱ्याचे हात सरावलेले असतात, आणि आपण काही विचारलं तर पाठ केलेलं उत्तर मिळत नाही. या चाळणीतून बरेच चकचकीत वर्ग गळले. कागदासाठी गिफू प्रांतातलं मिनो उरलं आणि खाण्यासाठी क्योटो.

मिनोचं नाव कागदाच्या कामातल्या प्रत्येकाला ठाऊक असतं. नारा इथल्या शोसोइन भांडारात 702 सालच्या कुटुंबनोंदणीचे कागद आजही आहेत, त्यातले काही मिनोचे. जपानमध्ये बनलेल्या कागदाचे ते सर्वांत जुने नमुने मानले जातात. 2014 साली युनेस्कोने जपानी हातकागदाच्या कलेला अमूर्त वारशाच्या यादीत घेतलं, तेव्हा तीन ठिकाणचे कागद निवडले : शिमानेचा सेकिशू-बान्शी, सैतामाचा होसोकावाशी आणि मिनोचा होन-मिनोशी.

नोंदणीचं काम माझ्या भाच्याने केलं. तो टोकियोत निशी-कासाईला राहतो. क्योटोतले वर्ग इंग्रजीतून सहज ठरतात, पण लहान गावात अजूनही फोन करून बोलणं सगळ्यांत बरं. फोन हातात धरूनच तो विचारत होता, "मावशी, पाणी फार गार असतं म्हणतायत. आजीला चालेल का?" आईने पलीकडूनच उत्तर दिलं, "सांग त्यांना, पहाटे हौदाच्या पाण्याने धुणी धुतलीत मी जन्मभर."

नागोयाहून जेआरने, म्हणजे जपान रेल्वेने, मिनो-ओताला आणि तिथून नागारागावा रेल्वेच्या छोट्याशा गाडीने मिनो-शी स्टेशनला जायचं. ही रेल्वे जेआरची नाही, त्यामुळे जेआर पास इथे चालत नाही. वेगळं तिकीट काढावं लागतं. कागदाचं संग्रहालय, मिनो वाशी नो सातो कैकान, गावापासून लांब वाराबी भागात आहे. बसच्या फेऱ्या कमी, म्हणून आम्ही सरळ टॅक्सी केली. शेजारून इतादोरी नदी वाहते. तिचं पाणी इतकं नितळ आहे की तळाचे गोटे मोजता यावेत, आणि कागद इथेच का रुजला ते वेगळं सांगावं लागत नाही.

पर्यटकाच्या वाट्याला येतं ते फक्त ताव उचलणं. पण त्याआधीचं काम कित्येक महिन्यांचं असतं. होन-मिनोशीसाठी लागणारा कोझो मिनोचा नसतो. तो पार इबाराकी प्रांतातून, दाइगो भागातून येतो, कारण त्याचे तंतू बारीक आणि तकतकीत असतात. हिवाळ्यात फांद्या तोडायच्या, वाफवायच्या, साल सोलायची, वरचा काळा पापुद्रा खरवडून काढायचा. उरलेली पांढरी साल पाण्यात ठेवून उजळायची. पूर्वी ती नदीच्या वाहत्या पाण्यातच ठेवत. मग सोड्याच्या पाण्यात उकळायची, आणि त्यानंतर वेचणी. ही वेचणी मला बघायचीच होती. मी फोनमधले माझ्या कामाचे फोटो दाखवले : वाळवीने खाल्लेलं मोडी दफ्तर, त्यावर टिश्यू लावण्याआधी आणि लावल्यानंतर. संग्रहालयातल्या वर्गात शिकवणाऱ्या बाई ते फोटो मोठे करकरून बघत राहिल्या. मग आपणहून म्हणाल्या की जवळच्या एका कार्यशाळेत विचारून बघते.

तिथे एक बाई पाण्याच्या हौदाशी वाकून बसल्या होत्या. सालीचा एकेक धागा पाण्यात पसरायचा, त्यातला काळा ठिपका, गाठ, सालपटाचा कण चिमटीने काढायचा, धागा उलटायचा, पुन्हा बघायचं. यंत्र नाही, रसायनाने पांढरं करणं नाही. मी वापरते त्या टिश्यूत ठिपका सापडत नाही, त्यामागे हे हात आहेत. या बाईंचं काम बघायला मिळालं नसतं तर मिनोला जाऊनही मी अर्धंच पाहिलं असतं, असं मला मनापासून वाटतं. म्हणून जाणाऱ्या प्रत्येकाला सांगते : वर्ग संपला की "आधीचं काम बघता येईल का" असं विचारा. नाही म्हणाले तर म्हणाले.

आता प्रत्यक्ष ताव. हौदात पाणी, त्यात कुटलेले तंतू, आणि त्यात नेरी. नेरी म्हणजे तोरोरो-आओई या झाडाच्या मुळाचा बुळबुळीत चीक. आईने त्यात बोटं बुडवली आणि लगेच म्हणाली, "अगं, ही तर भेंडी!" तिचं बरोबर होतं, तोरोरो-आओई भेंडीच्याच कुळातली. नेरी म्हणजे डिंक नव्हे, तिने काही चिकटत नाही. ती पाणी जड करते, त्यामुळे तंतू तळाशी बसत नाहीत आणि चाळणीतून पाणी सावकाश निथळतं. कारागिराला हलवायला वेळ मिळतो तो याच्यामुळे. उष्णतेने नेरीचा बुळबुळीतपणा जातो, म्हणून उत्तम कागद थंडीतला.

लाकडी चौकटीत बारीक बांबूकाड्यांचा पडदा बसवलेला असतो. चौकट तिरकी बुडवून पहिलं पाणी झटकन घ्यायचं आणि पसरायचं. यातून कागदाचा पृष्ठभाग होतो. मग पुन्हा खोल बुडवायचं आणि हलवायचं, पुढे-मागे आणि डावी-उजवीकडे. हे आडवं हलवणं मिनोची खासियत. त्याने तंतू दोन्ही दिशांनी एकमेकांत गुंतत जातात. हलवताना पाण्याची एक छोटी लाट चौकटीच्या कडेला जाऊन परत येते, आणि तिच्यामागे दुधाळ पापुद्रा दाट होत जातो. शिकवणाऱ्या बाईंनी माझी कोपरं धरून दाखवलं की मनगट हलवायचं नाही, अंग हलवायचं. शेवटचं पाणी पलीकडे भिरकावून द्यायचं आणि थांबायचं.

टिश्यू एका दिशेने सरळ फाटतो आणि दुसऱ्या दिशेने वेडावाकडा, हे मला कामातून माहीत होतं. पण ती दिशा कारागिराच्या हलवण्यातून येते, हे त्या हौदाशी उभं राहून हाताला कळलं. मिनोचा कागद दोन्हीकडून जवळपास सारखा का वागतो, तेही.

दुसरं नवल ओल्या तावांच्या चवडीचं. कार्यशाळेत ते एकावर एक ठेवत जातात, मध्ये कापड नाही. दाबून पाणी काढलं की ताव सुटे होतात, तेही नेरीमुळेच. आपल्याकडे दौलताबादजवळच्या कागजीपुऱ्यात किंवा पुण्याच्या हातकागद संस्थेत कापसाच्या चिंध्यांचा लगदा असतो आणि प्रत्येक ओल्या तावाला कापडाचा आधार द्यावा लागतो. दोन्ही रीती मला प्रिय आहेत. कापसाचा आपला कागद लिहायला ठणठणीत, आणि कोझोचा पातळ असूनही चिवट.

ताव गरम पत्र्यावर चिकटवून वाळवला आणि तासाभरात हातात मिळाला. पैसे क्योटोतल्या वर्गांच्या मानाने अगदी कमी पडले.

क्योटोत खरी कसरत शाकाहाराची. "व्हेजिटेरियन चालेल" असं उत्तर एका वर्गाकडून तत्काळ आलं, आणि पदार्थांच्या यादीत मिसो सूप होतं. त्याचं पाणी कशाचं, असं विचारल्यावर कळलं की कात्सुओबुशीचं, म्हणजे वाळवून धुरी दिलेल्या माशाच्या किसाचं. तिथे अनेकांच्या लेखी माशाचा तुकडा नसला की पदार्थ शाकाहारी. त्यांना दोष द्यायचा नाही, पण आपण नेमकं लिहायला हवं. भाच्याने जपानीत चार ओळी लिहून दिल्या : मासा नको, कात्सुओबुशी आणि निबोशी नको, मांसाचा रस नको, जिलेटिन नको, अंडं नको, कोम्बु, शिताके आणि कांतेन चालेल. निबोशी म्हणजे वाळवलेले छोटे मासे, कोम्बु म्हणजे समुद्री शेवाळ आणि शिताके म्हणजे अळिंबी. कांतेनही समुद्री शेवाळाचंच, म्हणजे आपल्याकडे चायनाग्रास म्हणतात ते. त्या ओळी फोनमध्ये ठेवल्या आणि पुढे प्रत्येक हॉटेलात दाखवल्या.

आईसाठी निवडली नेरिकिरी, चहाबरोबर खायची मिठाई. तिचं सारण आणि वरचं आवरण दोन्ही कडधान्यांचं. पांढरा घेवडा शिजवून, सालं काढून, चाळणीतून घासून, पाण्यात निवळवून, फडक्यात पिळून मग साखरेत आटवतात. त्यात चिकट तांदळाच्या पिठाची उकड मिसळली की आवरणाचा गोळा तयार होतो. वर्गात हे सगळं तयार देतात, आणि एवढ्या वेळात दुसरं काही शक्यही नाही. आम्ही नोव्हेंबरात गेलो होतो, म्हणून आकार शेवंतीचा आणि मेपलच्या पानाचा. ही मिठाई ऋतूप्रमाणे बदलते. वसंतात गेलात तर चेरीचा मोहर करायला मिळेल.

शिकवणारे गृहस्थ तरुण होते. त्यांनी गुलाबी गोळा तळव्यावर चपटा केला, मध्ये सारणाची गोळी ठेवली आणि एका अंगठ्याने दाबत, दुसऱ्या हाताने फिरवत कडा वर आणल्या. हे जमायला शिकाऊ मुलांना फार वेळ लागतो, असं त्यांनी आधीच सांगून ठेवलं होतं. आईने गोळा घेतला, पुरण भरते तसाच फिरवला आणि तोंड मिटवून पालथा ठेवला. कुठे भेग नाही, सारण मधोमध. गृहस्थांनी तो उचलून सगळीकडून पाहिला आणि तिला विचारलं की तुम्ही हे काम करता का. मी भाषांतर केलं. आई म्हणाली, "सांग त्यांना, आमच्याकडे होळीला करतात." मग पोळीची कृती सांगणं आलं. हरभऱ्याची डाळ, गूळ, वेलदोडा, जायफळ हे सगळं त्यांनी वहीत लिहून घेतलं, आणि लाटताना पुरण बाहेर कसं येत नाही हे पुन्हा पुन्हा विचारलं. पीठ सैल आणि तेलात मुरलेलं हवं, हे सांगताना आईने हवेत लाटून दाखवलं.

पाकळ्या काढायला तीन कडांची लाकडी पट्टी देतात. एक कड धारदार, एक बोथट, एक दुहेरी रेघ काढणारी. शेवंतीचे भाग करताना हात न उचलता खालून वर रेघ ओढायची. शेवटी आपणच घुसळलेला माच्चा, म्हणजे हिरव्या चहाच्या पुडीचा चहा, आणि मिठाई आधी खायची, चहा नंतर. तोंडात गोडवा असतानाच त्या चहाची कडू चव खुलते. घुसळणीची बांबूची चासेन मला हवी होती. ती नारा प्रांतातल्या ताकायामाची निघाली. जपानमध्ये बनणाऱ्या बहुतेक चासेन तिथल्याच.

मठातल्या स्वयंपाकाचा, शोजिन र्‍योरीचा वर्गही केला. कांदा-लसूण नाही हे ऐकून आई म्हणाली, "म्हणजे चातुर्मासच की." कोम्बु थंड पाण्यात भिजवून मंद आचेवर ठेवायचा आणि उकळी फुटायच्या आत काढायचा, नाहीतर पाणी कडवट आणि बुळबुळीत होतं. या दाशीत, म्हणजे कोम्बुच्या पाण्यात, आता पुण्यात आमच्या घरी भाज्यांचं सूप होतं. तीळ वाटून कुझू या वेलाच्या मुळाच्या सत्त्वात घोटलेला गोमादोफूही शिकलो. नाव तोफूचं असलं तरी त्यात सोयाबीन अजिबात नसतं. खाच असलेल्या मातीच्या सुरिबाचीत तीळ वाटताना मात्र दंड भरून येतात, तेव्हा आळीपाळीने वाटा.

काही व्यवहाराच्या गोष्टी. वर्गाला दहा मिनिटं आधी पोचा. उशीर तिथे फार मनाला लावून घेतात. बूट काढावे लागतात, म्हणून मोजे बिनभोकाचे घाला. टिप देऊ नका. लाडू किंवा चिक्कीचं छोटं पाकीट देऊ शकता, ते आनंदाने घेतात. नेरिकिरी दुसऱ्या दिवसापर्यंत कशीबशी टिकते, ती घरी आणायचा विचार करू नका. कागदाचे ताव मात्र जरूर आणा, पण गुंडाळी करू नका; दोन पुठ्ठ्यांमध्ये सपाट ठेवून हातातल्या बॅगेतून न्या. आणि मिनोचं संग्रहालय आठवड्यातून एक दिवस बंद असतं, तो वार आधी बघून मगच नागोयाचं हॉटेल ठरवा.